आत्याला, मनिलाहून

प्रिय आत्या,
सा. न.

परवा फोनवर विचारलंस ना, सुट्टीच्या दिवशी तिकडे करतोस काय, तर सध्या इथले जुने सिनेमे बघतोय, आणि तेही 'बोल्ड' म्हणतात तसले. आईला हे सांगता येणार नाही. पण फिल्म सोसायटीत तू काय काय बघून यायचीस ते मला माहितीये, म्हणून तुलाच लिहितोय.

१९७० च्या सुमाराला इथे 'बोम्बा' म्हणजे उघड्यानागड्या सिनेमांची लाट होती, मग १९७२ ला राष्ट्राध्यक्ष मार्कोसने मार्शल लॉ लावला आणि ते थांबलं, तर लोकांनी पळवाट काढली, नटीला कपड्यांसकट पाण्यात भिजवायचं. १९६९ ची मिस युनिव्हर्स ग्लोरिया डियाझसुद्धा १९७४ ला अशीच पडद्यावर आली.

पण मी हललो ते 'स्कॉर्पिओ नाइट्स' बघून. १९८५ चा, पेके गालागाचा. दाटीवाटीची जुनी लाकडी चाळ, खाली सिक्युरिटी गार्ड आणि त्याची बायको, वर कॉलेजचा पोरगा, मधल्या फळ्यांना भोक. गार्ड ड्युटीवरून येतो, जेवतो, झोपलेल्या बायकोजवळ जातो, एक शब्द बोलत नाही, आणि पोरगा वरून रोज बघतो. शेवटी गार्डची बंदूक. गुदमरायला होतं गं, उत्तेजक वगैरे काही वाटतच नाही.

आणि सरकार बघ कसं. १९८० ला इश्माएल बर्नालच्या 'मनिला बाय नाइट'मधून मनिला हे नावच काढायला लावलं, शहराची बदनामी नको म्हणून. त्याच राजवटीत फिल्म सेंटर घाईघाईत बांधलं, नोव्हेंबर १९८१ ला परांची कोसळून मजूर ओल्या सिमेंटमध्ये गाडले गेले, किती ते आजही धड कोणी सांगत नाही, आणि १९८३ च्या फिल्म फेस्टिव्हलला पैसे कमी पडले तर सेन्सॉर न केलेले सिनेमे तिकीट लावून दाखवले. म्हणजे गरिबी दाखवली की कात्री, उघडं अंग गल्ला भरतंय तर चालेल. मला याचा फार राग येतो.

त्यात या बोल्ड सिनेमांत काम करणाऱ्या पोरींचं काय झालं. नावं कोल्ड्रिंकची दिलेली, पेप्सी पालोमा, सार्सी इमॅन्युएल, कोका निकोलस. पेप्सी १९८५ ला गेली, विशीसुद्धा गाठली नव्हती.

माझ्या घरमालकीण आजींना एकाही दिग्दर्शकाचं नाव आठवेना, पण पेप्सीचं नाव काढलं तशा भांडी घासता घासता थांबल्या आणि 'बाता पा' एवढंच म्हणाल्या, म्हणजे लहान होती अजून.

तुझा,
बाळू