आई-बाबा, बोलोन्याचं बुकिंग मी करून टाकलंय

प्रिय आई-बाबा,

आधी मुद्द्याचं सांगून टाकते, म्हणजे पुढचं पत्र तुम्ही शांतपणे वाचाल. नोव्हेंबरमध्ये दिवाळी आटोपून तुम्ही इकडे मिलानला आलात की रोम, फ्लॉरेन्स, व्हेनिस असलं काहीही करायचं नाहीये. दादाने ज्या आठ दिवसांच्या बस टूरची पीडीएफ पाठवली होती त्यांना मी परस्पर "नको" म्हणून कळवलं. आपण एकच शहर बघणार, बोलोन्या, तेही फक्त दोन तास, चालत, आपण तिघं आणि एक गाईड बाई, बाकी कुणी नाही. पैसे भरून झालेत. दादाला सांगितलंय, तो चिडलेला नाही. तुम्हाला न विचारता केलं याबद्दल सॉरी, खरंच सॉरी, पण विचारलं असतं तर बाबा म्हणाले असते कशाला उगाच खर्च, आम्ही घरी बसू, तू ऑफिसला जा, आणि आई म्हणाली असती यांचं जे ठरेल ते, आणि विषय तिथेच मिटला असता.

का केलं ते सांगते. दक्षिणेच्या त्या टूरला मीच पाठवलं होतं तुम्हाला. परत आल्यावर फोनवर "छान झाली गं" एवढंच सांगितलंत, आणि खरं काय झालं ते मला आत्याकडून कळलं, सहा महिन्यांनी. की आई दिवसभर पाणीच प्यायची नाही, कारण बस कुठे थांबेल, बाथरूम कसं असेल याचा भरवसा नाही आणि झेंडा घेऊन पुढे पळणाऱ्या त्या पोराला थांब म्हणायचं कसं. की मदुराईला बाबा आत गेलेच नाहीत, बाहेर एका दुकानाच्या पायरीवर सगळ्यांच्या पिशव्या सांभाळत बसले. बाबा, तुम्ही दरवर्षी नववीची अख्खी तुकडी घेऊन गड चढायचात आणि सगळ्यात शेवटी चालायचात, कुणी मागे राहू नये म्हणून. तुमच्यासाठी कुणी मागे थांबलं नाही हे मला अजून सहन होत नाही. आणि तिकीट मी काढलं होतं.

म्हणून या वेळी आधी स्वतः जाऊन आले. सप्टेंबरमधल्या एका शनिवारी, याच बाईंबरोबर, याच रस्त्याने, घड्याळ लावून. इथे गाईडला सरकारी परवाना लागतो, परीक्षा देऊन मिळतो, कुणीही उठून गाईड होत नाही. या बाई साठीच्या पुढच्या आहेत, त्यांचाही एक गुडघा दुखतो, त्यामुळे कुठे किती पायऱ्या आहेत ते त्यांना तोंडपाठ आहे. मी म्हटलं माझे बाबा दर दहा मिनिटांनी थांबतील, तर म्हणाल्या मग आपण दर दहा मिनिटांनी थांबू, तेवढंच मला बोलायला मिळेल. त्यांचे दोन तासांचे १६० युरो, सगळ्यांचे मिळून हं बाबा, माणशी नाही, लगेच रुपयांत हिशोब करू नका. ही माझी भेट आहे.

आता बोलोन्याच का. आई, त्या दिवशी धो धो पाऊस पडत होता आणि मी छत्री विसरले होते, आणि दोन तासांत माझे केस ओले झाले ते फक्त चौक ओलांडताना. कारण या गावात फूटपाथच घरांच्या खाली आहे. म्हणजे कसं, घराचा वरचा मजला रस्त्यावर पुढे काढलेला आणि खाली खांब, आणि त्या खांबांच्या आतून लोक चालतात, एका घराची ओसरी संपली की दुसऱ्याची सुरू. पोर्तिको म्हणतात. सगळे मिळून ६२ किलोमीटर भरतात, त्यातले निवडक २०२१ मध्ये युनेस्कोच्या यादीत आले. बाईंनी सांगितलं की विद्यापीठामुळे (ते १०८८ पासूनचं मानतात) बाहेरगावचे विद्यार्थी इतके यायला लागले की लोक भाड्याला खोल्या काढायला वरचे मजले पुढे ओढायला लागले. मग गावाने १२८८ साली नियमच केला, घर बांधाल तर पोर्तिको पाहिजेच, जागा तुमची, दुरुस्ती तुमची, पण चालणार सगळं गाव. उंची किती ठेवायची तेसुद्धा ठरलेलं, घोड्यावर बसलेला माणूस खालून जाईल एवढी, म्हणजे २.६६ मीटर. हे ऐकताना मला आपली ओसरीच दिसत होती. त्या जुलैत आपल्याकडे जी माणसं थांबली होती, आईने रॉकेलच्या स्टोव्हवर सगळ्यांना पेज दिली होती, तेव्हा ओसरी कुणाची असा प्रश्न कुणी विचारला होता का?

बाबांसाठी महत्त्वाचं म्हणजे जमीन सपाट आहे. बऱ्याच ठिकाणी खाली आपल्या माजघरासारखी मोझॅकची फरशी आहे, तशीच बारीक दगडांचे ठिपके असलेली, फक्त पावसात जरा घसरते, तेव्हा काठी आणायचीच, लाज वाटून घ्यायची नाही.

रस्ता सगळा मिळून दोन किलोमीटरच्या आसपास आहे. ट्रेनने मिलानहून तास-सव्वातास. बोलोन्याला फास्ट ट्रेन जमिनीखाली खूप खोल थांबते पण लिफ्ट आहे, मी शोधून ठेवलीये, आणि स्टेशनपासून टॅक्सी करायची, बस नाही. मग पियात्सा माज्जोरे, म्हणजे मोठा चौक. तिथल्या एका जुन्या वाड्याखाली कमानींचा बोळ आहे, त्याच्या चार कोपऱ्यांवर चार संतांचे पुतळे. एकाने एका कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून हळू बोलायचं आणि समोरच्या तिरक्या कोपऱ्यात दुसऱ्याने कान लावायचा. मधून माणसं जातायत, पाऊस वाजतोय, आणि बाईंचं पुटपुटणं माझ्या कानाशी एवढं स्पष्ट आलं की मी दचकून मागेच वळले. काड्यापेटीचा फोन आठवला मला. तुम्ही विहिरीपाशी आणि मी जिन्यात, आणि तुम्ही पाढे विचारायचात. बाबा, कानाचं मशीन लावून या, बॅटऱ्या जास्तीच्या आणा. आईला एका कोपऱ्यात उभी करू आणि तुम्ही दुसऱ्यात.

पुढे दोन मनोरे लागतात. आसिनेल्ली ९७ मीटरचा, आणि शेजारी गारिसेंदा, ४८ मीटरचा आणि चांगलाच कललेला. तो बुटका आहे कारण चौदाव्या शतकातच भीतीने वरचा भाग उतरवला. २०२३ च्या ऑक्टोबरपासून त्याच्याभोवती अडथळे लावलेत आणि डागडुजी चालू आहे, त्यामुळे ४९८ पायऱ्यांचा मोठा मनोराही बंद आहे. म्हणजे बाबा, तिथे खालीच उभं राहायचंय ते तुमच्या गुडघ्यामुळे नाही, कुणालाच वर सोडत नाहीत. त्यानंतर स्त्रादा माज्जोरे रस्त्यावर एक घर आहे, तेराव्या शतकातलं, त्याचा पोर्तिको अजून लाकडी आहे, ओकचे नऊ मीटर उंच खांब. मी एका खांबाला हात लावून बघितला. भेगा पडल्यात, कडा हाताने घासून गुळगुळीत झाल्यात, आपल्या जुन्या घराच्या खांबाला तुम्ही मला टेकवून उंचीची खूण करायचात ना, हाताला अगदी तसाच लागला. मी जरा वेळ तशीच उभी राहिले, बाई काही बोलल्या नाहीत.

आई, तुझ्यासाठी पण आहे. लाउरा बासी नावाची बाई होती इथे, १७३२ साली तिला विद्यापीठाची पदवी मिळाली आणि शिकवायची नेमणूकसुद्धा झाली, पण बाई माणसाने विद्यापीठात रोज उभं राहून शिकवणं लोकांना रुचेना, तर तिने घरीच फिजिक्सचे प्रयोग मांडले आणि वर्षानुवर्षं तिथे मुलं शिकवली, पदरी मुलंबाळं असताना. मला लगेच तुझ्या संध्याकाळच्या ट्यूशन्स दिसल्या, कुकरच्या शिट्ट्या मोजत तू ओहमचा नियम समजावायचीस.

आणि शेवटी सान पेत्रोनियो, मोठं चर्च, चौकातच. १३९० ला बांधायला घेतलं आणि दर्शनी भिंत आजही अर्धीच आहे, खाली संगमरवर, वर नुसत्या विटा. आत बाक आहेत, पाहिजे तेवढा वेळ बसता येतं. बाबा, आपल्या माजघराच्या कौलाला भोक होतं आणि तुम्ही ते बदलू दिलं नाहीत, आठवतं? दर रविवारी बरोबर बाराला कवडशावर खडूने खूण करायची आणि आई त्या खुणा सोडून फरशी पुसायची. या चर्चच्या छताला २७ मीटर उंचीवर तसंच एक भोक आहे. खाली फरशीवर ६७ मीटर लांबीची रेषा, १६५५ मध्ये कासिनीने आखलेली, शनीच्या कड्यांमधल्या फटीला ज्याचं नाव आहे तोच. दोन्ही बाजूंच्या खांबांना न धडकता रेषा जाईल अशी जागा त्याने गणिताने काढली. मध्यान्हीला कवडसा रेषेवर येतो, उन्हाळ्यात भोकाच्या जवळ, थंडीत लांब, आणि त्या कवडशाची रुंदी मोजून त्याने सूर्य वर्षभर सारख्या अंतरावर नसतो हे तपासलं. मी गेले तेव्हा ढग होते. कोरी रेषा बघून आले. एका अर्थी बरं झालं, तो कवडसा मला तुमच्याबरोबर पहिल्यांदा बघायचाय. ऑक्टोबरच्या शेवटी इथली घड्याळं तासभर मागे जातात, त्यामुळे नोव्हेंबरच्या सुरुवातीला कवडसा जवळजवळ बाराच्याच ठोक्याला येतो, म्हणून टूर दहाची घेतलीये आणि चर्च शेवटी ठेवलंय. ऊन पडलं नाही तर दुसऱ्या दिवशी परत जाऊ, हॉटेल दोन रात्रींचं आहे. चौकापासून पाच मिनिटांवर, लिफ्ट आहे, खोलीत केटल आहे, कमोडला धरायला दांडा आहे, मी खोली उघडायला लावून बघितली.

बाथरूमची चिंता करायचीच नाही. चौकातच सार्वजनिक वाचनालय आहे, त्याच्या काचेच्या जमिनीखाली रोमन काळातलं गाव दिसतं, तिथे स्वच्छ सोय आहे. इतरत्र कुठल्याही बारमध्ये (म्हणजे इथली कॉफीची टपरी, दारूचा गुत्ता नाही) एक कॉफी घेतली की विचारता येतं. आई, तू मला नुसतं "जरा थांबूया" म्हण, मला कळेल. आणि पाणी प्यायचं. मी मोजणारे.

जेवणाचं असं की ते गाव मांसाहारासाठी प्रसिद्ध आहे, पार्मेजान चीजमध्येसुद्धा वासराच्या पोटातलं रेनेट (दूध फाडायचं द्रव्य) असतं, म्हणून मी आईला काहीही "चालेल, खाऊन बघ" म्हणणार नाहीये. दशम्या, दाण्याची चटणी आणि बाबांचा आल्याचा चहा थर्मासमधून घेऊन येईन, दुपारी खोलीवर जेवू, झोपू.

आता ऐका. बीपीच्या गोळ्या हातातल्या बॅगेत, चेक-इनच्या नाही. डॉक्टरांकडून औषधांची इंग्रजी चिठ्ठी सहीशिक्क्यासह घ्या. नी-कॅप दोन आणा. तूप आणि पेढे आणायचे नाहीत, इथे बाहेरून दुधाचे पदार्थ आणायला बंदी आहे, चिवडा चालतो. इन्शुरन्स मी काढलाय. व्हीलचेअर मुंबईच्या एअरपोर्टसाठी मागितली आहे बाबा, प्लीज वाद घालू नका, तुम्ही चालू शकता मला माहितीये, पण ते चालणं बोलोन्यासाठी शिल्लक ठेवा ना. आणि चालवेनासं झालं तर अर्ध्या तासात परत फिरू, काहीही वाया जाणार नाही. मला तुम्हाला शहर दाखवायचंय त्यापेक्षा तुमच्या बाजूने सावकाश चालायचंय.

आई, एकच काम आज कर. बाबांना वहीच्या कोऱ्या कागदावर उभं कर आणि पेन्सिलीने पावलाची कड काढ, माझ्या चपला आणायला रत्नागिरीला जाताना ते माझी काढून खिशात ठेवायचे तशी. दोन्ही पायांची काढ, डावा संध्याकाळी सुजतो म्हणून संध्याकाळीच काढ. शेजारी पट्टी ठेवून फोटो पाठव. बूट मी इथून घेऊन ठेवते.

तुमची,
मनू