शरणपूरच्या आफ्रिकन मुलांची नाशिकने नोंद घ्यावी

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

नाशिकचा शरणपूर रोड आज दवाखाने, बँका, दुकाने आणि शिकवणीवर्ग यांनी गजबजलेला असतो. ज्या वस्तीवरून या रस्त्याला नाव मिळाले, ती शरणपूरची वस्ती चर्च मिशनरी सोसायटी या ब्रिटिश ख्रिस्ती धर्मप्रसारक संस्थेने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास वसवली, हे शहरातील जुन्या मंडळींना ठाऊक असते. परंतु पूर्व आफ्रिकेतून गुलाम म्हणून पळवलेली आणि समुद्रावर सोडवली गेलेली मुलेमुली त्याच वस्तीत राहत होती, शिकत होती आणि तेथून पुढे आफ्रिकेच्या इतिहासात गेली, हे सांगितले की ऐकणाऱ्याला ते नवेच वाटते. मी स्वतः नाशिकच्या एका शाळेत एकतीस वर्षे इतिहास शिकवला आणि त्या सर्व वर्षांत एकाही वर्गाला ही गोष्ट सांगितली नाही, कारण मलाच ती माहीत नव्हती. याची खंत मनातून जात नाही, म्हणून हे पत्र.

त्या काळी पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्याजवळचे झांझिबार बेट हे गुलामांच्या व्यापाराचे मोठे केंद्र होते. न्यासा सरोवराच्या भोवतालच्या प्रदेशातून माणसे धरून किनाऱ्यापर्यंत चालवत आणली जात आणि गलबतांत भरून अरबस्तानाकडे व इराणच्या आखाताकडे पाठवली जात. ब्रिटिश आरमाराने अशी गलबते पकडली, तरी त्यांतील लहान मुलांना त्यांच्या गावी पोहोचवणे शक्य नसे. गाव कोठे, हे अनेकांना सांगताही येत नसे आणि किनाऱ्यावर सोडले तर ती पुन्हा पकडली जाण्याचे भय असे. त्यामुळे काही मुले मुंबईस उतरवली जात. मुंबई सरकारने त्यांपैकी काही मिशनच्या हवाली केली आणि शरणपूर येथे त्यांच्यासाठी ‘आफ्रिकन असायलम’ म्हणजे आश्रयगृह चालू झाले. तेथे त्यांना वाचन, लेखन, सुतारकाम आणि लोहारकाम शिकवले जाई. त्यांना नवी नावेही तेथेच मिळाली. वेनराइट, वेलिंग्टन, जोन्स, फरार ही नावे आज कागदोपत्री दिसतात. त्यांच्या आईवडिलांनी ठेवलेली नावे मात्र बहुतेकांच्या बाबतीत कायमची पुसली गेली. ज्यांना आपण आश्रय मिळालेली मुले म्हणतो, त्यांच्याकडून त्या आश्रयाच्या बदल्यात काय काय घेतले गेले, हेही या इतिहासात लिहिले गेले पाहिजे.

आफ्रिकेचा शोध घेणारे स्कॉटिश मिशनरी प्रवासी डेव्हिड लिव्हिंग्स्टन हे नाव आपल्याकडील शालेय पुस्तकांतून परिचित आहे. १८६५ मध्ये मुंबई इलाख्यात आले असताना त्यांनी आपल्या अखेरच्या प्रवासासाठी नाशिकच्या शाळेतून नऊ तरुण निवडले. पुढे १८७२ मध्ये त्यांच्या मदतीला जी तुकडी झांझिबारहून निघाली, तिच्यातही नाशिकला शिकलेले आणखी काही जण होते. जेकब वेनराइट हा त्यांच्यातील एक. तो पूर्व आफ्रिकेतील याओ समाजातला, लहानपणी गुलाम म्हणून पकडला गेलेला.

१ मे १८७३ रोजी आजच्या झांबियातील चितांबो या प्रमुखाच्या गावी लिव्हिंग्स्टन यांचा मृत्यू झाला, तेव्हा तेथे एकही युरोपीय माणूस नव्हता. सोबतच्या आफ्रिकन माणसांनी स्वतःच निर्णय घेतला, की हा देह त्यांच्या देशी पोहोचवायचा. सुसी आणि चुमा या लिव्हिंग्स्टन यांच्या दोन जुन्या सोबत्यांनी तांड्याचे नेतृत्व केले. यांपैकी चुमाही काही काळ मुंबईत एका मिशनच्या शाळेत शिकलेला होता. त्यांनी हृदय एका झाडाखाली पुरले, देह उन्हात वाळवला, कापडात व झाडाच्या सालीत गुंडाळला आणि दीड हजार किलोमीटरहून अधिक वाट तुडवून १८७४ च्या फेब्रुवारीत आजच्या टांझानियातील बागामोयोच्या किनाऱ्यावर आणला. हृदय पुरताना प्रार्थना वाचली ती वेनराइटने, मृताच्या सामानाची यादी केली ती त्यानेच आणि झाडावर नाव व तारीख कोरली तीही त्यानेच. झाडाच्या खोडाचा तो कोरलेला भाग आज लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीकडे आहे. ही अक्षरे कोरणाऱ्याचे शिक्षण नाशिकला झाले होते, हे वाचले तेव्हा मी काही वेळ पुस्तक मिटून बसलो होतो.

वेनराइट त्या देहाबरोबर इंग्लंडला गेला. १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर अॅबीतील अंत्यविधीत शवपेटीबरोबर मानाने चाललेल्या आठ जणांमध्ये तो एकटाच आफ्रिकन होता. त्याने या प्रवासाची रोजनिशी इंग्रजीत लिहून ठेवली असून, एका आफ्रिकन साक्षीदाराने स्वतःच्या हाताने लिहिलेला हा दुर्मीळ पुरावा आहे. त्या प्रवासातील माणसांसाठी रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने जी पदके पाडली, त्यांवर ‘अखेरपर्यंत एकनिष्ठ’ या अर्थाचे शब्द होते. तो गौरव खराच होता. पण त्या एका शब्दाने ही माणसे कायमची सेवक ठरली आणि त्यांचा निर्णय, त्यांचे धाडस, त्यांचे लेखन हे सारे दुसऱ्याच्या चरित्रातील शेवटचे प्रकरण होऊन बसले.

नाशिकचा संबंध येथे संपत नाही. १८६४ मध्येच विल्यम जोन्स आणि इश्माएल सेमलर यांना आजच्या केनियातील मोंबासाजवळच्या रबाई येथे पाठवण्यात आले होते. १८७५ मध्ये सुटका झालेल्या गुलामांसाठी मोंबासाजवळ फ्रेअर टाउन ही वसाहत उभी राहिली, तेव्हा ती उभारणारे विल्यम प्राइस हे पूर्वी शरणपूरचेच प्रमुख होते आणि वसाहतीला नाव मिळाले ते मुंबईचे माजी गव्हर्नर बार्टल फ्रेअर यांचे. नाशिकहून गेलेल्या मंडळींना केनियाच्या इतिहासात ‘बॉम्बे आफ्रिकन’ म्हणतात. मोंबासात त्यांची आठवण आहे, आणि ही माणसे जिथे वाढली त्या शहरात नाही.

महाराष्ट्राला आफ्रिकन माणसांचा इतिहास नवा नाही. गुलाम म्हणून दख्खनेत आलेल्या मलिक अंबरने निजामशाही सावरली, १६१० मध्ये खडकी (आजचे छत्रपती संभाजीनगर) शहर वसवले आणि जमीनमहसुलाची अशी घडी बसवली, की तिचे नाव आपल्या जुन्या कागदपत्रांत टिकून राहिले. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. जंजिऱ्याचे सिद्दी तर प्रत्येक मराठी मुलाला माहीत असतात, जरी ते केवळ शत्रू म्हणून माहीत असले तरी. ज्यांच्या हाती सत्ता किंवा किल्ला होता, त्यांची नोंद बखरींनी व पाठ्यपुस्तकांनी घेतली. शरणपूरच्या मुलांच्या हाती रंधा, हातोडा आणि पाटी-पेन्सिल होती.

काही वाचक म्हणतील, की हा मिशनचा इतिहास आहे, त्याच्याशी आपला काय संबंध? मला ते पटत नाही. धर्मप्रसाराचा हेतू तेथे होता, हे नाकारण्याचे कारण नाही आणि त्याची चिकित्सा अवश्य व्हावी. परंतु ती मुले या शहराच्या हवेत वाढली, गोदावरीच्या या खोऱ्यातले अन्न त्यांनी खाल्ले आणि त्यांच्यापैकी कित्येकांच्या आयुष्याची घडण येथेच झाली. त्यांचा इतिहास संस्थेच्या नावावर सोडून देणे म्हणजे त्यांच्यावर दुसऱ्यांदा मालकी सांगू देणे होय.

म्हणून माझ्या तीन विनंत्या आहेत. नाशिक महानगरपालिकेने शरणपूर परिसरात मराठीतील एक फलक लावावा आणि त्यावर लिव्हिंग्स्टन यांच्याआधी वेनराइट, जोन्स, सेमलर यांची नावे असावीत. शहरातील महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी मुंबईच्या राज्य पुराभिलेखागारातील आणि बर्मिंगहॅम विद्यापीठात जतन केलेल्या मिशनच्या दप्तरातील संबंधित कागदांचा शोध विद्यार्थ्यांना प्रकल्प म्हणून द्यावा. त्यात असायलममधील मुलींवर विशेष लक्ष असावे, कारण प्रवासाला निघालेल्या पुरुषांची नावे तरी उरली, मुलींची तेवढीही उरलेली दिसत नाहीत. आणि वेनराइटच्या रोजनिशीचा मराठी अनुवाद व्हावा. या शेवटच्या कामासाठी माझ्याकडून होईल ती मेहनत मी विनामूल्य करीन.

नाशिकमधील जुन्या ख्रिस्ती कुटुंबांनाही आपल्या वृत्तपत्राद्वारे विचारावेसे वाटते. कोणाच्या घरी शरणपूरच्या त्या काळातील छायाचित्रे, पत्रे किंवा बाप्तिस्म्याचे दाखले असतील, तर ते रद्दीत जाऊ देऊ नका. आजी-आजोबांकडून या मुलांविषयी काही ऐकले असेल, तर ते आजच लिहून काढा आणि त्याची एक प्रत शहरातील एखाद्या सार्वजनिक वाचनालयाकडे द्या.

आपला,
एक निवृत्त इतिहास शिक्षक, नाशिक