मुदत उलटल्यावरचं अपील

लंडन

तीर्थस्वरूप काका यांना साष्टांग नमस्कार.

तुमचा मेसेज वाचला, कागदांचे फोटोही पाहिले. इतकी वर्षं लघुवाद न्यायालयात हेलपाटे घातल्यावर वाड्यातल्या खोल्यांच्या ताब्याचा हुकूमनामा मिळाला, अपिलाची मुदत गेली म्हणून तुम्ही निर्धास्त झालात, आणि आता भाडेकरू जिल्हा न्यायालयात विलंबमाफीचा अर्ज घेऊन हजर. ‘मुदत म्हणजे मुदत, मग कोर्ट ऐकून तरी का घेतंय?’ हा तुमचा प्रश्न. मी इथे दिवसभर भाडेकरूंचीच बाजू मांडते, तेव्हा पुतणी कुणाकडून बोलते आहे अशी शंका तुम्हाला येईल. तरी वाचा.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ च्या कलम ३४ मध्ये अपिलाला ३० दिवस दिलेत. पण त्याच कलमाने मुदतीच्या कायद्यातली कलमं ४, ५ आणि १२ लागू केली आहेत. कलम १२ प्रमाणे निकालाची नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, आणि कलम ५ प्रमाणे ‘पुरेसं कारण’ दाखवलं तर वरचा उशीर कोर्ट माफ करू शकतं. केरळच्या भाडे कायद्यात ही सोय उघड लिहिलेली नव्हती. तिथेही सुप्रीम कोर्टाने १९९५ मध्ये मुक्री गोपालन खटल्यात सांगितलं की अपील ऐकणारा अधिकारी हे कोर्टच आहे, त्याला उशीर माफ करता येतो. तेव्हा अर्ज ऐकायलाच नको होता, हा मुद्दा सोडून द्या.

खरा उशीर किती आहे, ते आधी काढा. भाडेकरूने जोडलेल्या निकालाच्या नकलेच्या शेवटच्या पानावर शिक्का असेल: नकलेचा अर्ज कधी आला, नक्कल तयार कधी झाली, दिली कधी. तुम्ही पाठवलेल्या फोटोत नेमकं ते पान नाही.

मग त्याची कारणं. पहिलं, कावीळ. डॉक्टरांचा दाखला मी मोठा करून वाचला. दाखल्यातली शेवटची तारीख तिसावा दिवस उजाडायच्या आधीची आहे. १९६१ च्या रामलाल खटल्यापासून कायदा असा आहे की मुदतीच्या आत माणूस गप्प का बसला, याचा हिशेब मागायचा नाही. मुदत संपली तिथून अपील दाखल होईपर्यंतचं सांगा. म्हणजे कावीळ खरी असली तरी नको तिथली आहे! तुमच्या वकिलांनी म्हणण्यात, म्हणजे अर्जाला दिलेल्या लेखी उत्तरात, एवढी एक गोष्ट तारखांसकट लिहिली तरी पुष्कळ झालं. ‘अर्जदार खोटारडा आहे’ छापाची दोन पानं न्यायाधीश वाचतही नाहीत.

दुसरं कारण, वकिलाने निकाल कळवलाच नाही. हे कारण फेटाळलं जाईल अशी फार आशा ठेवू नका. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, असं आपली कोर्टं सहसा म्हणतात. १९९८ मध्ये एन. बालकृष्णन खटल्यात ८८३ दिवसांचा उशीर माफ झाला होता. दिवस किती हे गौण, खुलासा पटतो का ते बघायचं, हे त्यातलं सूत्र. इथे इंग्लंडमध्ये अपिलाला साधारण २१ दिवस असतात आणि उशिरा येणाऱ्याची बरीच कडक झडती होते. वकील करायला पैसे नव्हते हे चांगलं कारण नाही, असं इथल्या अपील कोर्टाने २०१४ मध्ये हायसाज प्रकरणात स्पष्ट केलं. माझ्याकडे येणाऱ्या लोकांची गत बघता मला ते निष्ठुर वाटतं. आपली पद्धत जास्त माणुसकीची आहे.

पण एक गोष्ट मलाही खटकते. १९८७ च्या कातिजी निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की उशिरा अपील करून सहसा कुणाचा फायदा होत नाही. जमीन संपादनाच्या मोबदल्याचा तो खटला होता, तिथे ते ठीक. खोलीत बसलेल्या भाडेकरूला मात्र प्रत्येक तारीख म्हणजे जुन्या भाड्यात आणखी एक मुक्काम.

त्यावर इलाज आहे, आणि तुमचा सगळा जोर मला तिथे हवा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४१, नियम ३-अ प्रमाणे अपील ऐकायचं ठरेपर्यंत हुकूमनाम्याला स्थगिती देता येत नाही. नुसता विलंबमाफीचा अर्ज म्हणजे स्थगिती नव्हे! तुम्ही अजून दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल केलेली नाही, ती का? वकिलांना उद्याच विचारा.

समजा उशीर माफ झाला, तर खर्च मागा. पुढे स्थगितीची वेळ आली तर खोल्यांच्या वापराची बाजारभावाने भरपाई मागा. आत्माराम प्रॉपर्टीज खटल्यात २००४ मध्ये सुप्रीम कोर्टाने ते मान्य केलंय, आणि २००९ च्या सुपर मॅक्स खटल्यात तर महाराष्ट्र सरकार स्वतःच मुंबईत भाडेकरू होतं, तरी तत्त्व तेच राहिलं. आसपास त्याच मापाच्या खोल्यांना काय भाडं चाललंय, त्याचे दोन-तीन करारनामे आत्तापासून जमवून ठेवा. जुन्या भाड्यात राहता येईनासं झालं की माणसं तडजोडीला बसतात, हे मी इथे दुसऱ्या बाजूने पाहते.

शिक्क्याच्या पानाचा फोटो पुढच्या तारखेआधी पाठवा, उजेडात काढलेला. काकूंना नमस्कार. त्यांनी दिलेली मेतकुटाची पिशवी संपत आली आहे, बाबा येताना त्यांच्याबरोबर द्यायला सांगा.

तुमची,
मनू