आबा, साहेबांचं हेडक्वार्टर शोधून आलो

झाग्रेब (क्रोएशिया), रविवार

ती. आबा आणि आईस सा. न.

फोनवर तुम्ही दोघं एकदम बोलता, मग आई रडायला लागते आणि निम्मं राहूनच जातं, म्हणून टाइप करतोय. सुमीकडनं वाचून घ्या.

पहिलं म्हणजे मी मजेत आहे. इथं युद्ध नाही. चालू आहे ते युक्रेनमध्ये, ते लांब. इथलं १९९५ लाच संपलं, माझा जन्मपण नव्हता तेव्हा. तात्यांना कोणीतरी हे समजवा, उगाच आईला घाबरवतात. आणि मनगटाचं काही नाही, फोटोत दिसली ती पट्टी नुसती सपोर्टला आहे, पावसात ट्रामच्या रुळावर गाडी घसरली, तीपण हळूच. डिलिव्हरी करणाऱ्या सगळ्यांची एकदा तरी घसरतेच.

जेवणाचं विचारू नका, जेवतो.

आई, तुला एक गंमत सांगायची आहे, ही माणसं वाऱ्याला भितात. थंडीला नाही, वाऱ्याला. म्हणजे समोरासमोरच्या दोन खिडक्या उघड्या राहिल्या आणि मधून झुळूक गेली की त्याला हे प्रोपुह म्हणतात, आणि मान धरली, कान दुखला, पाठ आखडली, सगळं त्या प्रोपुहमुळं. जुलैत बस भट्टीसारखी तापलेली असते, मी एक खिडकी उघडली तर मागची बाई उठून लावायला आली आणि वर मलाच बोलली. आपण वारा खेळावा म्हणून समोरासमोर खिडक्या ठेवतो, आबा उन्हाळाभर गच्चीवर झोपतात, हे मी घरमालकिणीला सांगितलं तर तिनं कपाळावर हात मारला. तिला सगळे बाका म्हणतात, म्हणजे आजी. ओल्या केसांनी बाहेर निघालो की जिन्यातच अडवते, टॉवेल घेऊन उभी. तेव्हा तू काळजी करू नकोस, इथं पण एकजण आहे ओरडायला.

आता आबा, तुमचं काम. साहेबांचं यूएनचं ऑफिस होतं त्या सेल्स्का रोडला जाऊन आलो. यूएनचा बोर्ड वगैरे काही नाही, साधी वर्दळीची सडक आहे, फोटो पाठवलाय त्यात तुम्हाला काही कळणार नाही. लोकांना सतीश नंबियार नाव विचारलं तर कोणाला माहीत नाही, मला वाईट वाटलं कारण तुम्ही एजंटला पैसे भरले त्या दिवशी पण म्हणाला होतात, जा बिनधास्त, तिथं आपल्या मराठा रेजिमेंटचे साहेब यूएनच्या सगळ्या शांतिसेनेचे कमांडर होते. १९९२ च्या मार्चला आले ते. तुम्हाला माहीत असेल, पण मला इथं आल्यावर कळलं की यूएननं ऑफिस दिलं बॉस्नियात साराजेवोला आणि काम दिलं क्रोएशियातलं, आणि एप्रिलमध्ये बॉस्नियाचं युद्ध त्या ऑफिसच्याच दारात पेटलं. मग ऑफिस बेलग्रेडला, तिथून इथं झाग्रेबला. वर्षानं ९३ च्या मार्चला साहेब परत गेले.

हे मी बाकाला कौतुकानं सांगायला गेलो आणि फसलो. तिचा भाऊ १९९१ ला वुकोवारला, सर्बांशी लढाई चालू होती तिथं, गेला तो सापडलाच नाही. ९३ साली अशा घरच्या बायकांनी त्याच यूएनच्या ऑफिसभोवती विटा रचल्या, एका विटेवर एक नाव, मेलेल्याचं नाहीतर बेपत्ताचं. हजारो विटा. बाकाची पण एक. तिनं नातवाकडून इंग्लिशमध्ये विचारून घेतलं, तुझा जनरल होता ना इथं, मग आमची माणसं का नाही शोधली?

मी म्हणालो विटा रचल्या तोवर साहेब गेले होते. ती काही बोलली नाही, खिडकी लावली.

तुम्ही पिंटूकडनं वाचून घेतलेला तो साहेबांचा १९९९ चा लेख, नाटोनं सर्बियावर बॉम्ब टाकले तेव्हाचा, त्यातलं मी तिला सांगितलंच नाही. सगळ्याच बाजू दोषी होत्या, एकट्या सर्बांना राक्षस ठरवू नका, हे तुम्ही मान हलवत ऐकलं होतं. मला पण पटलं होतं, घरी बसून. सिक्युरिटी कौन्सिलला न विचारता बॉम्ब टाकणं चुकीचं, हे तर अजून पटतं. पण पहिलं वाक्य बाकाच्या स्वयंपाकघरात तोंडातून निघत नाही. तुम्ही असता तर भांडला असता, मला माहितीय.

त्या विटा नंतर मिरोगोयच्या स्मशानात नेल्या, २००५ ला तिथं स्मारक झालं. पुढच्या रविवारी १०६ नंबरच्या बसनं बाकाला घेऊन जाणार आहे, तिला चढ चालवत नाही. तिथं काय बोलायचं ते तुम्हीच सांगा.

पैसे. या महिन्यात पंचवीस हजार पाठवलेत, सोसायटीचा हप्ता त्यातून भरा, एजंटचं उरलेलं मी इथून बघतो. कमी आहेत माहितीय, मनगटामुळं दहा दिवस गाडी बंद होती. (हे आईला वाचू नको सुमे.)

सुमीची तारीख मेची धरलीत ते चांगलं केलंत, माझ्यासाठी थांबू नका. परमिट रिन्यूला टाकलंय, मध्येच निघालो तर परत यायची पंचाईत. माझ्या लग्नाचं आत्ता काढूच नका, मावशींना सांगा फोटो पाठवणं बंद करा. हॉलचे पैसे मीच देणार, त्यावर वाद नको. व्हिडिओ कॉल हळदीला लावा, अक्षतांना नको. बारा पस्तीसचा मुहूर्त म्हणजे इथं सकाळचे नऊ, मी गाडीवर असेन.

तुमचा,
बाळू