थेंबाचे श्रेय आमिची यांचे

संपादक महोदय,

आपल्या रविवार पुरवणीत सूक्ष्मदर्शकाच्या वाटचालीवर आलेला लेख वाचनीय होता. मात्र सतराव्या शतकातल्या लेव्हेनहूक यांच्या एकभिंगी उपकरणावरून तो थेट जर्मन भौतिकशास्त्रज्ञ आबे आणि उपकरणनिर्माते त्साइस यांच्यापर्यंत पोहोचतो, आणि भिंग व नमुन्यावरची काच यांच्यामध्ये द्रवाचा थेंब ठेवण्याची युक्तीही आबे यांच्याच खात्यावर जमा करतो. ते बरोबर नाही. आबे यांचे तेलनिमज्जन भिंग, म्हणजे तेलाच्या थेंबातून पाहणारे भिंग, 1878 चे. इटलीच्या जोव्हान्नी बातिस्ता आमिची यांनी पाण्याच्या थेंबातून पाहणारी वस्तुभिंगे (नमुन्याजवळची भिंगे) 1855 च्या पॅरिस प्रदर्शनातच मांडली होती. अशा सूचना त्याआधीही झाल्या होत्या, पण कामाला येईल असे भिंग घडवून दाखवले ते त्यांनी. भिंग आणि काचेचे आच्छादन यांच्यामधल्या हवेच्या थरात किरण बाहेरच्या बाजूला वळतात आणि बरेचसे भिंगात शिरतच नाहीत. पाण्याचा अपवर्तनांक (प्रकाश वळवण्याचे माप) काचेला अधिक जवळचा असल्याने त्यांतले पुष्कळ किरण हाती लागतात, आणि त्यामुळेच बारीक तपशील स्पष्ट दिसतो.

1786 मध्ये मोदेना येथे जन्मलेले आमिची शिक्षणाने अभियंते आणि पेशाने गणिताचे प्राध्यापक होते, पण भिंगे स्वतः घासत. भिंगाच्या कडेला फुटणारे रंग टाळण्यासाठी त्यांनी आधी आरशाचा सूक्ष्मदर्शक बनवला, कारण आरसा रंग फोडत नाही; पुढे ते रंगदोषरहित भिंगांकडे वळले. 1831 मध्ये फ्लॉरेन्सच्या वेधशाळेची सूत्रे त्यांच्याकडे आली आणि 1863 मध्ये तिथेच त्यांचे निधन झाले. प्रकाशाचे रंग वेगळे करून दाखवणाऱ्या वर्णपटदर्शकातला आमिची लोलक त्यांच्याच नावाचा.

वनस्पतिशास्त्र शिकवण्यात आयुष्य गेल्यामुळे मला मात्र त्यांची दुसरी बाजू अधिक मोलाची वाटते. 1823 च्या सुमारास घोळीच्या (होय, आपण भाजी करतो त्याच घोळीच्या) फुलात कुक्षीवरील (पराग जिथे चिकटतात त्या टोकावरील) केसांतला रस फिरतो का, हे ते पाहत होते. तेवढ्यात केसाला चिकटलेल्या एका परागकणातून नळी बाहेर पडताना त्यांना दिसली. शोधत होते एक आणि सापडली परागनलिका! ही नलिका कुक्षीखालच्या दांड्यातून, म्हणजे कुक्षिवृंतातून, उतरत बीजांडापर्यंत (पुढे ज्याचे बी होते तिथपर्यंत) जाते, हेही त्यांनी 1830 मध्ये सांगितले. पेशीसिद्धांतामुळे दबदबा असलेले जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ श्लायडेन यांचे म्हणणे असे की, नलिकेचे टोकच वाढून भ्रूण होते आणि बीजांड हे केवळ त्याचे पाळणाघर. आमिची यांनी 1846 मध्ये ऑर्किडच्या बीजांडात दाखवून दिले की, ज्यापासून भ्रूण घडतो ती पेशी नलिका पोहोचण्यापूर्वीच तिथे असते. काही वर्षांतच जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ होफमाइस्टर यांच्या निरीक्षणांनी हाच निष्कर्ष पक्का केला. भिंग घडवणारा आणि त्यातून पाहणारा एकच माणूस असल्याचा हा लाभ, असे मला वाटते.

हिवतापाच्या तपासणीत रक्ताच्या काचपट्टीवर तेलाचा थेंब टाकणारे प्रयोगशाळा तंत्रज्ञ आपल्याकडे गावोगावी आहेत. त्या थेंबाची कथा आबे यांच्यापासून सुरू होते, असा त्यांचा समज या लेखामुळे होऊ नये. हा लेख पुढे पुस्तिकेत येणार असल्यास तेवढे वाक्य दुरुस्त करावे, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त वनस्पतिशास्त्र शिक्षक