बेलेमचे चौदा गुण

चि. सायली हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज मिळाला. सरांनी ट्रॅक सायकलिंगच्या पॉइंट्स रेसला घातलं म्हणून तू खट्टू झालीस. तुला वाटतंय, स्प्रिंटमध्ये मागे पडते म्हणून आपल्याला उरल्यासुरल्या शर्यतीत ढकललं. सरांचं बरोबर आहे असं माझं मत आहे, आणि ते का, हे फोनवर धड सांगता येणार नाही म्हणून लिहायला बसले.

मेक्सिकोची सायकलपटू बेलेम गेरेरो हिची कारकीर्द नीट वाच. जन्म 8 मार्च 1974, मेक्सिको सिटी. 1996 अटलांटा, 2000 सिडनी, 2004 अथेन्स अशी सलग तीन ऑलिंपिक. बायकांची पॉइंट्स रेस ऑलिंपिकमध्ये आली तीही 1996 लाच. बेलेमला पदक मिळालं तिसऱ्या खेपेला, वयाच्या तिसाव्या वर्षी, पॉइंट्स रेसमध्ये रौप्य. त्या ऑलिंपिकमध्ये मेक्सिकोला सगळी मिळून चार पदकं, त्यात सुवर्ण एकही नाही. 400 मीटर धावणाऱ्या आना गेवाराचं रौप्य जास्त गाजलं, साहजिकच. पण तुझ्या उपयोगाचं आहे ते बेलेमचं.

आता आकडे बघ. अंतर 25 किलोमीटर, ट्रॅक 250 मीटरचा, म्हणजे 100 फेऱ्या. दर दहा फेऱ्यांनी एक स्प्रिंट, म्हणजे रेषेपर्यंत पूर्ण जोराची चढाओढ, पहिल्या चौघींना 5, 3, 2, 1 गुण. एका स्प्रिंटला 11 गुण वाटले जातात, दहा स्प्रिंटचे 110. निकाल काय लागला? रशियाची ओल्गा स्ल्युसारेवा 20, बेलेम 14, कोलंबियाची मारिया लुईसा काये 12. वाटपात 110 गुण, आणि रौप्य मिळालं चौदावर! दहाही स्प्रिंट जिंकणाऱ्या बाईचे 50 झाले असते, पण तशी बाई नसते. गुण सगळ्या घोळक्यात विखुरले जातात, कारण कुणाचेच पाय दर सव्वातीन मिनिटांनी नव्याने जोर मारायला तयार नसतात.

रौप्य आणि कांस्य यांच्यातलं अंतर दोन गुणांचं. दोन गुण म्हणजे एका स्प्रिंटमधला तिसरा क्रमांक. शंभर फेऱ्यांत एकदा पाचवी न राहता तिसरी येणं, एवढाच तो फरक. म्हणून तू जे म्हणतेस की 'माझी स्प्रिंट पहिली येण्याइतकी नाही', त्याने इथे फारसं बिघडत नाही. पाच वेळा दुसरी आलीस तर 15 होतात.

तुला रेस जड जाते ती पहिल्या चाळीस फेऱ्यांत. पहिल्या तीन स्प्रिंट सगळ्याजणी जीव तोडून मारतात. त्यात पाचवी-सहावी येणं हे सर्वांत वाईट, कारण दम पूर्ण गेला आणि पदरात शून्य. एक तर गुणांत ये, नाहीतर त्या स्प्रिंटला हातच घालू नकोस. ठरवायचं दोन फेऱ्या आधी, घंटा वाजल्यावर नव्हे. स्प्रिंटच्या फेरीची घंटा वाजते तेव्हा तू तिसऱ्या किंवा चौथ्या चाकावर, म्हणजे रांगेत तिसरी-चौथी, असली पाहिजेस. खाली, ट्रॅकच्या आतल्या कडेच्या काळ्या रेषेला चिकटून राहिलीस तर बाहेरून दोघी येऊन तुला कोंडतील, मग पायात जोर असून उपयोग नाही. त्याआधीच्या वळणावर वरच्या निळ्या रेषेपर्यंत जा, तिथून उतरताना बँकिंगचा, म्हणजे तिरप्या ट्रॅकचा, उतार फुकटचा वेग देतो. आणि शेवटचं वळण बाहेरून घेऊ नकोस. जी आतून, काळीच्या जरा वरच्या लाल रेषेच्या खालून, येईल तिला तू अर्धं चाक देणं लागतेस.

अंतराचा हिशेबही समजून घे. काळी रेषा म्हणजे मोजलेले 250 मीटर. सपाट ट्रॅकवर तिच्या एक मीटर बाहेरून चाललीस तर फेरीला सव्वासहा मीटर जादा पडतात. 42 अंशांच्या वळणावर एक मीटर वर चढणं म्हणजे आडवं अंतर पाऊण मीटरच, त्यामुळे जादा अंतर साडेचार-पाच मीटरवर येतं. तरी शंभर फेऱ्यांना साडेचारशे मीटरच्या वर झाले, जवळपास दोन फेऱ्या. वर राहून सुरक्षित वाटतं म्हणून मुली वरच राहतात आणि शेवटच्या वीस फेऱ्यांत पाय का संपले ते त्यांना कळत नाही. वर जा कामापुरती, काम झालं की खाली, कुणाच्या तरी चाकामागे.

फेरी घेण्याची गोष्ट वेगळी. पुढे निघून घोळक्याला मागून गाठलंस की 20 गुण, म्हणजे अथेन्सच्या सुवर्णाएवढे एका झटक्यात. मागे पडून फेरी गमावलीस तर तेवढेच वजा. पूर्वी आधी फेऱ्या मोजत, मग गुण. आता सगळं गुणांतच. पळायची वेळ स्प्रिंटच्या लगेच नंतरची. चौघी-पाचजणी जोर मारून वर जातात, मान खाली घालून श्वास घेतात, आणि बाकीच्या एकमेकींकडे बघतात की मागे कोण जाणार. त्या बघण्यात अर्धी फेरी जाते. तुझा दम तिथे कामाला येतो. एकटी जाऊ नकोस, दोघी-तिघी मिळून गेलात तर आलटून पालटून वारा घेता येतो. सहा-सात फेऱ्यांत अर्धा ट्रॅक मिळाला नाही तर सोडून दे आणि घोळक्यात परत ये. उरलेल्या फेऱ्या हट्टाने एकटीने ओढणं म्हणजे पुढच्या दोन स्प्रिंट दान करणं.

आणि फळ्याकडे बघायला शीक. सगळ्यांचे गुण लक्षात ठेवायची गरज नाही, तुझ्या लगेच वरची आणि लगेच खालची, एवढ्या दोघी पुरेत. शेवटच्या स्प्रिंटला आता दुप्पट गुण असतात, 10, 6, 4, 2. बेलेमच्या वेळी तसं नव्हतं. आजच्या नियमाने दोन गुणांची आघाडी शेवटच्या घंटेला कवडीमोल आहे. बरोबरी झाली तर शेवटच्या स्प्रिंटमध्ये जी पुढे ती वर. म्हणून शेवटच्या वीस फेऱ्यांसाठी पाय शिल्लक ठेवूनच आधीचं गणित मांडायचं.

2008 नंतर ही शर्यत ऑलिंपिकमधून काढली आणि 2012 पासून बायकांचा ऑम्नियम, म्हणजे अनेक शर्यतींची मिळून एक स्पर्धा, आला. काढायला नको होती असं मला अजून वाटतं. पण ऑम्नियमचा शेवट पॉइंट्स रेसनेच होतो, 20 किलोमीटर, 80 फेऱ्या, तेव्हा यात शिकलेलं काही वाया जात नाही.

मेक्सिकोच हा नमुना का, तर तिथे ट्रॅकची परंपरा जुनी आहे आणि तिच्यात एक मोठी अडचणही आहे. मेक्सिको सिटी 2,240 मीटर उंचीवर. 1968 च्या ऑलिंपिकसाठी तिथे आगुस्तिन मेल्गार वेलोड्रोम, म्हणजे सायकलचा ट्रॅक, बांधला. त्यावर 25 ऑक्टोबर 1972 ला बेल्जियमच्या एडी मर्क्सने तासाभरात 49.431 किलोमीटर कापले. पुढे जानेवारी 1984 मध्ये इटलीच्या फ्रान्चेस्को मोझरने त्याच शहरात 51.151 केले. असे विक्रम करायला लोक तिथे जात, कारण हवा पाचव्या हिश्शाने विरळ, अडथळा कमी. मेक्सिकोची स्वतःची कमाई मात्र बरीचशी खाली उतरून झालेली आहे: 1984 ला लॉस एंजेलिसमध्ये होसे युशिमात्सचं कांस्य, तेही पॉइंट्स रेसचंच, 2001 ला अँटवर्पच्या जागतिक स्पर्धेत नॅन्सी कॉन्त्रेरासचं 500 मीटर टाइम ट्रायलचं सुवर्ण, आणि मग बेलेम. रस्त्यावर राउल अल्काला, 1987 च्या टूर द फ्रान्समध्ये तरुण गटाची पांढरी जर्सी. गेल्या वर्षी-दोन वर्षांत तुम्ही सगळे ज्याचे व्हिडिओ बघता तो इसाक देल तोरो, 2025 च्या जिरोत, इटलीच्या मोठ्या शर्यतीत, दुसरा, तो तर समुद्रकाठच्या एन्सेनादाचा.

उंचीवरचा हिशेब असा आहे. पायातली ताकद तीच राहिली असती तर विरळ हवेत वेग सात-आठ टक्के वाढला असता. पण प्राणवायू कमी, म्हणून ताकदही घटते आणि हातात त्याच्या निम्माच फायदा उरतो. एका तासाच्या विक्रमाला तो पुरतो. पॉइंट्स रेसमध्ये मात्र प्रत्येक स्प्रिंटनंतर दम भरून काढावा लागतो, आणि उंचीवर तोच भरत नाही. उलट उंचीवर सराव करून अथेन्ससारख्या समुद्रकाठच्या शहरात उतरलं की दम पटकन भरतो, पण हवा जड लागते आणि वर सहज फिरणारा गिअर खाली चिखलातून ओढल्यासारखा वाटतो.

तुला हे कशाला? पुढच्या वर्षी उंचीवरच्या शिबिराची चर्चा आहे म्हणतेस. तिथे बसवलेला गिअर दिल्लीला जशाच्या तसा आणू नकोस. 49 बाय 15 वर, म्हणजे पुढच्या चेनरिंगला 49 आणि मागच्या कॉगला 15 दात असताना, पेडलच्या एका फेऱ्यात सायकल सुमारे 6.8 मीटर जाते. ताशी 47 किलोमीटरला पाय मिनिटाला 115 वेळा फिरतात, 56 ला 137. चेनरिंगचा एक दात बदलला तर फरक दोन टक्के, मागच्या कॉगचा एक दात बदलला तर साडेसहा-सात. म्हणून बारीक फरक नेहमी पुढे करायचा. हल्ली मुली 52, 54 दातांची चेनरिंग लावतात आणि तुलाही मोह होईल. मोठ्या गिअरवर एकसारखा वेग छान राहतो, पण चौथ्या-पाचव्या स्प्रिंटनंतर दर वेळी तो वेग नव्याने उचलताना मांड्या भरून येतात. दहा वेळा जोर मारून अकराव्यांदा फिरवता येईल तो गिअर तुझा, एकदा जोरात फिरला तो नव्हे.

आता त्या तिसऱ्या मुलीबद्दल, मारिया लुईसा काये. अथेन्सनंतर तिच्या तपासणीत हेप्टामिनॉल हे बंदी असलेलं उत्तेजक सापडलं आणि कांस्य काढून घेतलं. ते चौथ्या आलेल्या अमेरिकेच्या एरिन मिराबेलाला दिलं. कायेने डोकेदुखीची एक गोळी घेतली होती. तिच्यातल्या आयसोमेथेप्टीनचं चाचणीच्या प्रक्रियेत हेप्टामिनॉल झालं, असं पुढे सिद्ध झालं. 2005 मध्ये क्रीडा लवादाने तिचं पदक परत दिलं आणि मिराबेलाला हातातलं पदक सोडावं लागलं. एका गोळीपायी दोन मुलींचं वर्ष गेलं. आपल्याकडे तर खोकल्याच्या कितीतरी सिरपमध्ये टर्ब्युटालिन असतं, ते स्पर्धेत आणि स्पर्धेबाहेरही बंदीच्या यादीत आहे, आणि केमिस्ट न विचारता देतो. दिल्लीच्या थंडीत खोकला होणारच. बाटलीवरचं नाव नको, आतल्या घटकांची यादी वाच, नाडाच्या, म्हणजे राष्ट्रीय उत्तेजकविरोधी संस्थेच्या, ॲपवर तपास, टीम डॉक्टरांना फोटो पाठव, आणि मगच घे. काय घेतलं, कधी, किती, हे वहीत तारखेसह लिही. मैत्रिणीने दिलेली गोळी चालणार नाही, मग डोकं कितीही दुखो.

सायकलचं थोडं. तुमच्या हॉस्टेलवर चाकं सारखी बदलली जातात, म्हणून सांगते. मागच्या चाकाचे नट 30 ते 40 न्यूटन मीटरला आवळ, अंदाजाने नव्हे, टॉर्क रेंचने. सैल राहिले तर उभं राहून जोर मारताना चाक उजवीकडे पुढे सरकतं, टायर फ्रेमला घासतो, आणि तेही नेमकं स्प्रिंटला. चेन वरखाली साधारण एक सेंटिमीटर हलली पाहिजे. हे एकाच जागी बघून चालत नाही. चेनरिंग पूर्ण गोल नसतं, म्हणून क्रँक फिरवत ती सर्वांत ताठ कुठे होते ते शोध आणि तिथे मोज. फार ढिली असेल तर उडते आणि चाक जाम होतं, फार ताठ असेल तर बेअरिंग कुरकुरतात. कॉगच्या आट्यांना ग्रीस लाव. कॉगला जागेवर धरणाऱ्या लॉकरिंगचे आटे उलटे असतात, डावीकडे फिरवलं की आवळतं. ते सैल असलं तर तू पायाने वेग रोखायला जाशील आणि कॉगच सुटू लागेल. ब्रेक नसलेल्या सायकलवर याचा अर्थ काय, ते सांगायला नको. ट्युब्युलरमध्ये, म्हणजे रिमला चिकटवलेल्या टायरमध्ये, दिल्लीच्या लाकडी ट्रॅकवर भरतेस तेवढी हवा बालेवाडीच्या सिमेंटवर भरू नकोस, चाक उडत राहतं आणि वळणावर पकड सुटते. दाब आधी दहा टक्के कमी कर आणि मग एकेक पायरी वर जा.

रस्त्यावरचा सराव सोडू नकोस, पॉइंट्स रेसचा पाया तिथलाच. आठवड्यातून दोन लांब रपेटी ठेव. एका दिवशी मात्र तीन मिनिटं रेसच्या वेगाने आणि लगेच पंधरा सेकंद पूर्ण जोर, असं न थांबता दहा वेळा कर. सहाव्यानंतर जोराचे आकडे किती घसरतात ते लिहून ठेव. पंधरा टक्क्यांच्या आत घसरण राहिली की तू तयार आहेस, असा माझा आडाखा. सरांचा वेगळा असेल तर त्यांचं ऐक.

सध्या कोणता गिअर लावलास ते कळव. 48 दातांचं चेनरिंग घरी पडून आहे. बाबा पुढच्या आठवड्यात दिल्लीला येतायत, हवं असेल तर त्यांच्याबरोबर पाठवते. बोल्टही त्याच मापाचे देते, तिथे मिळतात ते अर्धा मिलिमीटर लांब असतात.

तुझी,
आई