विषय: कामावर मृत्यू झालेल्या कामगाराच्या कुटुंबाची भरपाई अडवून ठेवल्याबद्दल तक्रार

उद्यमबाग, बेळगाव
दि. २४ जून २०२४

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
विमा कंपनी, मुख्य कार्यालय

महोदय,

उद्यमबागेत माझी छोटी फौंड्री, म्हणजे ओतकामाचा कारखाना आहे. कामगार आठ. दहाच्या आत माणसे असल्यामुळे आम्हाला ईएसआय (कर्मचारी राज्य विमा योजना) लागू नाही, म्हणून मी दरवर्षी तुमच्याकडून कर्मचारी भरपाईची पॉलिसी घेतो. ९ जानेवारी २०२४ रोजी मोल्डिंग बॉक्स (साच्याची जड पेटी) उलटताना चेन ब्लॉकचा, म्हणजे साखळीने वजन उचलण्याच्या साधनाचा, हूक निसटला आणि साचे बनवणारे आमचे मोल्डर बॉक्सखाली सापडले. हॉस्पिटलात नेईपर्यंत ते गेले. वय ४० वर्षे, पगार महिना १४,००० रुपये. खानापूर तालुक्यातल्या त्यांच्या गावी पत्नी, शाळेत जाणारी दोन मुले आणि म्हातारी विधवा आई आहे. मी लगेच तुमच्या बेळगाव शाखेला लेखी कळवले. एफआयआर, पोस्टमॉर्टेम अहवाल, हजेरीपट, पगारपत्रक सगळे दिले. त्याची पोच माझ्याकडे आहे.

भरपाई किती, यात वादाला जागाच नाही. कर्मचारी भरपाई कायदा, १९२३ च्या कलम ४ प्रमाणे पगाराचा निम्मा भाग गुणिले वयानुसारचा गुणांक. पगार १५,००० च्या मर्यादेत आहे. ४० वर्षांसाठी गुणांक १८४.१७. म्हणजे ७,००० गुणिले १८४.१७, एकूण १२,८९,१९० रुपये. शिवाय अंत्यविधीचा खर्च. हे गणित मी तुमच्या शाखेत कागदावर मांडून दाखवले होते.

त्यावर तुमचे उत्तर आले की, मयताचे नाव पॉलिसीच्या यादीत नाही आणि त्यांनी हेल्मेट घातले नव्हते. माझ्या पॉलिसीला नावांची यादी जोडलेलीच नाही. कामाचा प्रकार, माणसांची संख्या आणि वर्षाचा एकूण पगार यावर तुम्ही प्रीमियम आकारला आहे, आणि या तिन्ही गोष्टी पगारपत्रकाशी जुळतात. हेल्मेटचे म्हणाल, तर ते डोक्यावर होते. पण समजा नसते, तरी काय? पोस्टमॉर्टेम अहवालात मृत्यू छाती चिरडल्याने झाल्याचे स्पष्ट लिहिले आहे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, कामगाराने सुरक्षेचा नियम मोडला ही सबब कलम ३ नुसार मृत्यू किंवा कायमचे पूर्ण अपंगत्व आले असेल तेव्हा चालतच नाही. रोज असेच दावे हाताळणाऱ्या कंपनीला हे माहीत नसेल, असे मला वाटत नाही.

मधे वारसा दाखलाही मागितलात. रक्कम भरपाई आयुक्तांकडे, म्हणजे या कायद्याखालचे दावे ठरवणाऱ्या अधिकाऱ्यांकडे, जमा करायची असते आणि अवलंबितांमध्ये वाटणी तेच करतात. मग मयताच्या पत्नीला दाखल्यासाठी कोर्टाच्या पायऱ्या का चढायला लावता?

मला सर्वांत जास्त चीड आणणारी गोष्ट वेगळीच आहे. मार्चमध्ये तुमचा तपासनीस मला न कळवता थेट मयताच्या घरी गेला. चार लाख घ्या आणि विषय संपवा, असे सांगून त्याने मयताच्या पत्नीपुढे इंग्रजी कागद ठेवला. त्यांना मराठी वाचता येते, इंग्रजी नाही. घरात कर्ता माणूस उरलेला नाही आणि दाराशी साहेब बसलेला, अशा वेळी कोण नाही म्हणेल? त्या म्हणाल्या, कारखान्याच्या मालकांना विचारल्याशिवाय सही करणार नाही. त्यांच्या त्या शहाणपणामुळे अनर्थ टळला. मृत्यूची भरपाई आयुक्तांना वगळून परस्पर दिली, तर कलम ८ प्रमाणे ती दिली असे धरतच नाहीत. जबाबदारी कमी करणारा करार कलम १७ नुसार रद्दबातल ठरतो. म्हणजे त्या सहीने तुमचीही सुटका झाली नसती, आणि त्या माउलीला मात्र आपला हक्क संपला असेच वाटत राहिले असते.

कायद्याने पहिली जबाबदारी माझी, हे मी कधीच नाकारले नाही. तीन महिन्यांच्या पगाराएवढी आगाऊ रक्कम, ४२,००० रुपये, मी कुटुंबाला दिली आहे. परस्पर देण्याची मुभा तेवढीच आहे. पुढे दोन लाख आयुक्तांकडे जमा केले. याहून जास्त भरायचे तर फर्नेस बंद करावी लागेल आणि उरलेल्या सात घरांची चूल विझेल. याच वेळेसाठी तर पॉलिसी घेतली होती.

आता व्याजाबद्दल. भरपाई अपघाताच्या दिवसापासूनच देय होते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७५ मध्ये सांगितले आणि २०१२ मध्ये पुन्हा ठामपणे सांगितले. महिन्याभरात दिली नाही तर कलम ४अ नुसार १२ टक्के सरळ व्याज लागते, वर भरपाईच्या निम्म्यापर्यंत दंड होऊ शकतो. पूर्ण रकमेवर हे व्याज दरमहा सुमारे १२,८९२ रुपये होते; मयताच्या पगाराच्या जवळपास. तुमची शाखा म्हणते, पॉलिसीत व्याज आणि दंड वगळले आहेत. ते कलम मी नीट वाचले आहे. विमाधारकाने कायदा न पाळल्यामुळे लागलेले व्याज असे त्यात म्हटले आहे. वेळेत कळवणारा, कागद देणारा, जमेल तेवढी रक्कम भरणारा विमाधारक मी आहे. उशीर तुम्ही केला आहे. तुमच्या विलंबाचे व्याज माझ्यावर ढकलले, तर दावा रखडवण्यात तुमचे काहीच जात नाही. विधवेचे आणि लहान कारखानदाराचे तेवढे जाते. हे मला मान्य नाही.

म्हणून माझी मागणी अशी: मी दिलेली रक्कम वगळून उरलेली संपूर्ण भरपाई १० फेब्रुवारीपासूनच्या व्याजासह आयुक्तांकडे जमा करावी, मी दिलेली रक्कम नियमाप्रमाणे मला परत करावी, तो चार लाखांचा प्रस्ताव लेखी मागे घ्यावा आणि यापुढे कुटुंबाकडे माणूस पाठवू नये. त्यांच्याशी जो पत्रव्यवहार होईल तो मराठीत असावा.

महिन्याभरात समाधानकारक उत्तर आले नाही, तर बेंगळुरूच्या विमा लोकपालांकडे तक्रार करीन. माझा कारखाना एकट्याच्या मालकीचा असल्याने तो मार्ग मला खुला आहे. आयुक्तांपुढील दाव्यात तुम्हाला पक्षकार करण्याचा अर्जही तयार आहे.

सोबत: पॉलिसीची प्रत, शाखेची पोच, पगारपत्रक, तुमचे नकाराचे पत्र आणि त्या इंग्रजी कागदाचा फोटो.

आपला,
विमाधारक, फौंड्री मालक
उद्यमबाग, बेळगाव